मंगळवार, दुपारी तीन दहा

सही कुठे करायची ते पेन्सिलीच्या तीन फुल्या मारून दाखवलं होतं. बाबांनी चष्मा पुसला आणि कागद पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचायला घेतला. सकाळपासून ही पाचवी खेप.

"बाबा, कितीही वेळा वाचलंत तरी त्यातलं काही बदलणार नाही," थोरला म्हणाला.

"बदलेल म्हणून नाही वाचत. समजेल म्हणून वाचतोय."

"मी सांगितलं ना सगळं समजावून."

"तू सांगितलंस ते तुला समजलेलं. सही माझी आहे."

थोरला विमा कंपनीत होता. दिवसभर लोकांच्या सह्या घेणं हेच त्याचं काम. पण बापाची सही घ्यायची वेळ आली तेव्हा हा माणूस त्याला जड जात होता. तो खिडकीशी जाऊन उभा राहिला. अडीच वाजले होते. कागद पाठवणाऱ्या कंपनीचा माणूस चारला येणार होता आणि त्याआधी मामा-मामी.

कागदात तीन गोष्टी होत्या. पहिली, 'सातवा जिना' या जुन्या रेडिओ मालिकेचे सगळे भाग धाकटीने आपल्या वेबसाइटवरून उद्या दुपारी बाराच्या आत काढायचे. दुसरी, घरातल्या ऐंशीच्या ऐंशी कॅसेटी कंपनीच्या ताब्यात द्यायच्या. रेडिओ केंद्र आता याच कंपनीने विकत घेतलं होतं. तिसरी गोष्ट एका वाक्याची होती. बाबांचं बोट प्रत्येक वेळी तिथे येऊन थांबत होतं.

"'सदर ध्वनिफिती माझ्या दिवंगत पत्नीने केंद्रातून विनापरवाना मिळवल्या होत्या,'" त्यांनी मोठ्याने वाचलं. "विनापरवाना म्हणजे काय?"

"परवानगीशिवाय."

"म्हणजे चोरून."

"बाबा, कायद्याची भाषा असते ती."

"असू दे. पण म्हणजे चोरून."

बाबांनी कागद टेबलावर ठेवला आणि वर पितळी वजन ठेवलं, पाव किलोचं. चाळीस वर्षं त्यांनी दुकानांचे वजनकाटे दुरुस्त केले होते. घरात कागद उडू नये म्हणून ठेवायला वजनांची कमी नव्हती. भिंतीला लागून चपलांच्या चार खोक्यांत कॅसेटी होत्या. प्रत्येक कॅसेटवर तिच्या बारीक अक्षरात चार ओळी, चार भागांच्या. ती जाऊन चार महिने झाले होते. शेजारपाजारच्या बायका म्हणायच्या, बरं झालं हो, एवढ्या टेपा आहेत, आवाज तरी ऐकायला मिळेल. बाबा मान हलवायचे. कुणाला काय समजावणार? त्या कॅसेटींत तिचा एक शब्द नव्हता. एक खोकलासुद्धा नव्हता. रेडिओपासून टेपरेकॉर्डरपर्यंत थेट वायर जोडून दिली होती ती बाबांनीच, स्वतः डाख देऊन, घरातला आवाज आत येऊ नये म्हणून. पक्कं काम केलं होतं. इतकं पक्कं की आता त्यांना स्वतःच्या हाताचा राग यायचा.

पावणेतीनला मामा-मामी आले. मामी आत येतानाच बोलत होत्या.

"लिफ्ट बंद, जिन्यात दिवा नाही, आणि यांना म्हणे दम लागत नाही! दर मजल्याला उभे राहून भिंतीवरच्या पाट्या वाचत होते."

"पाट्या वाचायला बंदी आहे का?" मामा म्हणाले आणि दारातल्या स्टुलावर बसून त्यांनी सावकाश बूट काढले. वय अठ्ठ्याहत्तर. "काय काटेवाले, काय म्हणतो तुमचा कागद?"

"तुम्हीच बघा, दादा."

"मी बघून काय करू? माझं नाव त्यात नाही. तेवढीच त्यांची मेहेरबानी."

मामींनी पर्स खुर्चीवर ठेवली, खोक्यांकडे पाहिलं न पाहिल्यासारखं केलं, आणि सरळ स्वयंपाकघरात गेल्या. थोरला त्यांच्या मागोमाग गेला.

चहाचं आधण ठेवता ठेवता मामींनी दार लोटून घेतलं. हे घर त्यांच्या नणंदेचं. चार महिन्यांत डबे जागचे हलले नव्हते, पण साखरेच्या डब्यात चमचा नव्हता. नणंद असती तर तिने तो कधी बाहेर राहू दिला नसता. मामींनी चमचा शोधून डब्यात ठेवला. मग त्यांनी स्वतःला आवरलं. आज आपण रडायला आलेलो नाही.

"करतायत का सही?" त्यांनी विचारलं.

"पाच वेळा वाचून झालाय कागद."

"म्हणजे करत नाहीत." त्यांनी पातेल्यात चहापूड टाकली. "तू जोर लाव. तुझं ऐकतात ते."

"माझं? मामी, माझं या घरात मांजरानेसुद्धा ऐकलं नसतं."

"चेष्टा सुचतेय तुला. तुझ्या मामाला चौकशीला बोलावलं तर? परवा जिना चढून आले तर ओठ निळे पडले होते. डॉक्टर म्हणाला, त्रास नको, दगदग नको. आणि पेन्शन थांबवली तर औषधं काय आणायची?" त्यांचा आवाज खाली आला. "तुला माहीत नाही, मी सहा वर्षं कशी काढली ती. दर मंगळवारी तीन वाजले की मी घड्याळासमोरून हलत नसे. वाटायचं, आज पकडले. आज घरी बसवले. तुझी आई इकडे बटण दाबून निवांत बसलेली, आणि तिकडे जीव टांगणीला लागलेला माझा. मला कुणी विचारलं होतं?"

"नाही विचारलं," थोरला म्हणाला. हे त्याला कधी सुचलंच नव्हतं.

"मग? ती तर गेली. तिचं आता कुणी काय वाकडं करणार आहे? नाव लिहिलं तिचं तर लिहिलं. ती असती तर तिने स्वतःच म्हटलं असतं, घाला माझ्यावर, दादाला सोडा. म्हटलं असतं की नाही?"

थोरल्याने विचार केला. आई खरंच तसं म्हणाली असती. म्हणूनच त्याला बरं वाटेना.

आतल्या खोलीत धाकटी कॉम्प्युटरसमोर बसली होती आणि शेजारी पलंगाच्या कडेवर मामा. हे सगळं प्रकरण आपल्यामुळे उभं राहिलं, हे गेले आठ दिवस तिच्या डोक्यातून जात नव्हतं. जे घडलं ते साधं होतं. 'सातवा जिना' एका इमारतीतल्या भाडेकरूंची मालिका. सहा वर्षं दर गुरुवारी लागायची, गावात त्या वेळी रस्ते ओस पडायचे. मालिका संपली आणि पुढे काही वर्षांनी केंद्रात टेपांचा तुटवडा पडला. वरून हुकूम आला, जुन्या टेपा पुसा आणि पुन्हा वापरा. पुसायचं काम टेपांच्या भांडारातल्या कारकुनाचं. म्हणजे मामाचं.

नियम असा होता की पुसण्याआधी टेप एकदा वाजवून बघायची, कुठे फाटली-चिकटली तर नाही ना म्हणून. आणि दुसरा नियम असा की दुपारची सभा, म्हणजे दुपारचे कार्यक्रम, संपल्यावर आणि संध्याकाळची सुरू होण्याआधी, मंगळवारी ट्रान्समीटरची चाचणी घ्यायची. चाचणीला काय वाजवायचं ते कुठेच लिहिलेलं नव्हतं. मामाने दोन्ही कामं एकत्र केली. मंगळवारी दुपारी तीन दहाला एक भाग हवेत सोडायचा. इकडे बहिणीने तो पकडायचा. चारला टेप पुसायची आणि वहीत सही करायची. तीनशे अठरा भाग, तीनशे अठरा मंगळवार.

आई गेल्यावर धाकटीने त्या कॅसेटी कॉम्प्युटरवर उतरवल्या. तिच्यासारखे आणखी वेडे होते, गावोगावचे. एक बसचा ड्रायव्हर, एक भूगोलाची निवृत्त मास्तरीण, आणि दातांच्या कवळ्या बनवणारी एक बाई, जी टेपेवरचा खरखराट साफ करून द्यायची आणि म्हणून स्वतःचं नाव 'खरखर' असंच लावायची. त्यांचा एकच धर्म होता. जे जसं आहे ते तसं ठेवायचं. काही झाकायचं नाही, काही सुधारायचं नाही. त्यामुळे धाकटीने आवाजाबरोबर प्रत्येक कॅसेटच्या लेबलाचा फोटोही टाकला. तारीख, भाग क्रमांक, आणि आईच्या अक्षरात प्रत्येक ओळीशेवटी तेच: 'दादा, ३.१०'.

कंपनीतल्या कुणीतरी त्या तारखा पुसल्याच्या वहीशी ताडून पाहिल्या. एकूण एक जुळल्या.

"लेबलं टाकायला नको होती मी," धाकटी म्हणाली.

"हे तू मला कितव्यांदा सांगतेस?"

"मामा, शाळकरी मुलीलासुद्धा कळलं असतं. आणि मी मात्र अभिमानाने एकेक फोटो सरळ करून टाकला. एक वाकडा आला होता तर परत काढला!"

मामा हसले. हसता हसता खोकले. मग म्हणाले, "तिनेसुद्धा लिहायला नको होतं. मी तिला सांगितलं होतं, नुसता नंबर टाक. तर म्हणाली, कोणी पाठवलं ते लिहिलं नाही तर मग काय उपयोग. तुम्ही दोघी सारख्याच."

धाकटीने डोळे पुसले आणि स्क्रीन त्यांच्याकडे वळवली. "तुला एक दाखवायचं होतं. एकशे चाळिसाव्या भागाखाली एकाने लिहिलंय. वाचू?"

"वाच."

"'मी नऊ वर्षांचा असताना कमरेपासून प्लास्टरमध्ये होतो. आठ महिने. आई-वडील कामाला जायचे, उशाशी रेडिओ चालू ठेवून जायचे. दुपारी सभा संपली की नुसती खरखर, मला तो बंद करता यायचा नाही. एका मंगळवारी अचानक 'सातवा जिना' लागलं. पुढच्या मंगळवारी परत. मी घरी सांगितलं तर सगळे म्हणाले, मालिका संपून किती वर्षं झाली, तुला तापात भास होतोय. चाळीस वर्षं मी भास म्हणत आलो. आज लेबलावर तीन दहा वाचलं आणि बायकोला हाक मारली.'"

मामांनी स्क्रीनवरच्या त्या ओळींवर बोट ठेवलं. सहा वर्षं ते कंट्रोल रूममध्ये उभे राहून समजत होते की अख्ख्या गावावरून आवाज जातोय आणि तो घेणारी एकटीच आहे. तीही ऐकत नव्हती. वायर लावली की रेडिओचा आवाज बंद व्हायचा. ती पंधरा मिनिटं मुक्या रेडिओसमोर बसून टेपरेकॉर्डरचा काटा हलतोय की नाही एवढंच बघायची. पुसताना मामांना प्रत्येक वेळी वाटायचं, आपण एक माणूस मारतोय आणि त्याचा फोटो तेवढा बहिणीकडे ठेवतोय. आणि हे पोर तिकडे प्लास्टरमध्ये पडून ऐकत होतं.

"परत वाच," ते म्हणाले. "तो भासाचा भाग."

तिने परत वाचलं.

कंपनीचा माणूस चारला पाच कमी असताना आला. पस्तिशीचा असेल. नम्र होता, जिने चढून घामाघूम झाला होता, पाणी दिल्यावर दोनदा आभार मानले. थोरल्याला तो आवडला. आपण कामावर असेच दिसत असणार, असं त्याला वाटून गेलं आणि मग तेवढा आवडेनासा झाला.

"तुमच्या घरावर दुःखाचा प्रसंग आहे याची आम्हाला कल्पना आहे," त्या माणसाने बाबांना सांगितलं. "म्हणूनच प्रकरण सामोपचाराने मिटावं असं वरिष्ठांचं म्हणणं आहे."

"तुम्ही ऐकलंय का ते?" बाबांनी विचारलं.

"काय?"

"'सातवा जिना'."

"नाही, म्हणजे... वेळ नाही मिळाला अजून. पण आमचं आता त्यावर मोठं काम सुरू होतंय. केंद्राच्या खजिन्यातून अस्सल ध्वनिमुद्रण, अशी जाहिरात आहे."

"केंद्राच्या खजिन्यातून," मामा हळूच म्हणाले. मामींनी त्यांच्याकडे डोळे वटारले.

"अस्सल केंद्राकडे आहे, तर आमच्या कॅसेटी कशाला हव्यात?" बाबांनी विचारलं.

त्या माणसाने पाण्याचा ग्लास उचलला. तो रिकामा होता. त्याने परत ठेवला. "तांत्रिक कारणं आहेत."

"भावोजी, कशाला वाद घालता?" मामी मध्ये पडल्या. "ते सांगतायत ना, मिटवून टाकू म्हणून."

"वाद नाही घालत वहिनी. विचारतोय." बाबांनी कागदावरचं वजन उचललं. "साहेब, मी काटे दुरुस्त करायचो. दुकानदार यायचे, म्हणायचे, एवढा पन्नास ग्रॅम पुढे ठेवून शिक्का मारा, गिऱ्हाइकाला काय कळतंय. मी मारला नाही. फार मोठा सज्जन होतो म्हणून नाही. शिक्क्यावर माझा नंबर असायचा. उद्या कुणी तो काटा उलटा करून बघितला तर नंबर माझा." त्यांनी तिसरं कलम बोटाने दाखवलं. "इथे लिहिलंय, माझ्या बायकोने चोरलं. खाली माझी सही. हे मी नाही करणार."

"बाबा..." थोरल्याने सुरुवात केली.

"तू थांब. पहिल्या दोन गोष्टी घेऊन मी दोन दिवस विचार केला असता. खरं सांगतो. दादांची तब्येत बघून कॅसेटी दिल्यासुद्धा असत्या. पण ही मधेच काय घुसवलीत? ती पंचेचाळीस वर्षं माझ्या घरात राहिली. दुकानात एक रुपया जास्त परत आला तर उन्हात परत जाऊन देऊन यायची आणि मला वैताग यायचा. आणि आता ती नाही म्हणून तिच्यावर ढकलायचं? कारण ती येऊन 'नाही' म्हणू शकत नाही?"

मामी पदराचं टोक बोटाला गुंडाळत होत्या.

त्या माणसाने घसा साफ केला. "काका, मी स्पष्ट बोलतो, राग मानू नका. ते वाक्य तुमच्याच हिताचं आहे. ध्वनिफिती बाहेर आल्या म्हणजे आतून कुणीतरी दिल्या. ते वाक्य नसेल तर आम्हाला त्या 'कुणीतरी'ची चौकशी मागावी लागेल. लेबलावर 'दादा' आहे. वहीत सही आहे. दिवंगत व्यक्तीचं नाव आलं की विषय तिथेच थांबतो."

"बघा!" मामी म्हणाल्या. "हेच मी सकाळपासून ओरडून सांगतेय!"

थोरल्याने कागद ओढून घेतला. तो आतापर्यंत मामाकडे बघून मामीच्या बाजूला उभा होता. पण 'विषय तिथेच थांबतो' हे वाक्य त्याने स्वतः हजारदा लोकांच्या घरी जाऊन, सोफ्याच्या कडेवर बसून म्हटलं होतं. त्याचा खरा अर्थ त्याला पक्का माहीत होता. समोरच्याला घाबरवण्यासारखं आपल्याकडे काही उरलेलं नसलं की हे वाक्य काढायचं असतं.

"एक मिनिट," तो म्हणाला. "इथे 'केंद्रातून मिळवल्या' असं आहे. केंद्रातून काय गेलं बाहेर? एक टेप तरी कमी आहे का तुमच्या वहीत?"

"तसं नाही, पण..."

"तीनशे अठरा आत आल्या, तीनशे अठरा पुसल्या, तीनशे अठरा पुन्हा वापरल्या. बरोबर? मग आईने जे घेतलं ते हवेतून घेतलं. तुमच्याच ट्रान्समीटरने सोडलेलं. 'केंद्रातून' खोडा, 'हवेतून' लिहा. मग बाबा सही करतात का बघू."

"तसं आम्हाला लिहिता येणार नाही."

"का?"

"कारण मग..." तो थांबला.

"कारण मग तुमच्या खजिन्यात काही नाही, असं होतं," धाकटी दारातून म्हणाली. "सगळं पुसलंय. अस्सल जे काय आहे ते चपलांच्या खोक्यांत आहे."

"तू गप बस गं!" मामी कडाडल्या. "तुझ्यामुळेच झालंय हे सगळं. तुम्हा सगळ्यांना आज शौर्य सुचतंय, आणि भरणार कोण? हा माणूस!" त्यांनी मामांकडे हात केला. "यांच्याकडे बघा जरा. तुम्ही टाळ्या वाजवाल, चौकशीच्या बाकावर हे बसतील!"

"बसेन," मामा म्हणाले.

"अहो!"

"बसेन. बाक तरी असतं का बघायचं." ते खुर्चीच्या हाताला धरून उठले. "साहेब, तो 'दादा' मी. तुम्हाला माहीतच आहे, पण माझ्या तोंडून ऐका. हुकूम होता म्हणून मी सगळं पुसलं. तिथे मी भित्राच होतो. नोकरी होती, ही होती, घर होतं. पण पुसायच्या आधी मी वाजवलं. उघड वाजवलं, पूर्ण ताकदीवर, सगळ्या गावावर. माझ्या बहिणीने ते घेतलं आणि सांभाळलं. तिने चोरलं म्हणून लिहायचं असेल तर ज्याच्या ज्याच्या घरी रेडिओ होता त्या सगळ्यांनी चोरलं. एक पोरगं प्लास्टरमध्ये होतं, त्याचंही नाव घाला."

"तुमच्या वयाला हे सगळं..."

"वय माझं आहे. मी बघतो त्याचं." ते धाकटीकडे वळले. "ते यंत्र चालू कर. मला बोलायचंय त्यात."

"आत्ता?"

"मग केव्हा? चाचणीच्या वेळी आम्हाला तोंड उघडायची परवानगी नव्हती. काय लागतंय, कोण लावतंय, काही सांगायचं नाही. सरळ भाग सुरू. म्हणून तो पोरगा चाळीस वर्षं स्वतःला खुळा समजला. कुणीतरी त्याला सांगायला पाहिजे."

धाकटीने माईक टेबलावर आणला. कंपनीचा माणूस उठला. काय करावं त्याला कळेना, म्हणून तो फाइल छातीशी धरून तसाच उभा राहिला. बाबांनी पंखा बंद केला. थोरल्याने कुणी न सांगता खिडकी लावली.

मामांनी शर्टाचं वरचं बटण लावलं. इतकी वर्षं शेजारच्या खोलीतून निवेदकांचे आवाज ऐकूनही ते स्वतः कधी माईकपुढे उभे राहिले नव्हते.

"नमस्कार," ते म्हणाले, जरा जास्तच मोठ्याने. मग आवाज खाली आणला. त्यांनी आपलं पूर्ण नाव सांगितलं, वडिलांच्या नावासकट. हुद्दा सांगितला, टेप-भांडार कारकून. "'सातवा जिना' या मालिकेचे सर्व तीनशे अठरा भाग मी स्वतःच्या हाताने पुसले. पुसण्याआधी दर मंगळवारी दुपारी तीन वाजून दहा मिनिटांनी ते मी प्रक्षेपित केले. ते माझ्या धाकट्या बहिणीने ध्वनिमुद्रित केले." इथे त्यांनी बहिणीचं नाव घेतलं आणि त्यांना थांबावं लागलं. बाबा जमिनीकडे बघत होते. घरात चार महिन्यांत ते नाव कुणी असं पूर्ण, आडनावासकट, मोठ्याने घेतलं नव्हतं. "तिने केलं नसतं तर आज हे कुणालाच ऐकता आलं नसतं. ज्यांनी तेव्हा ऐकलं, त्यांनी खरंच ऐकलं. तो भास नव्हता. यात जो काही दोष आहे तो माझा. माझा कर्मचारी क्रमांक, चार दोन सात एक..."

"सात दोन," मामी म्हणाल्या.

सगळ्यांनी वळून पाहिलं.

"चार सात दोन एक. इतकी वर्षं तुमचे सगळे फॉर्म कुणी भरले? स्वतःचा नंबर धड सांगता येत नाही, निघालेत कबुली द्यायला." त्यांचे डोळे भरले होते आणि त्या संतापलेल्याही होत्या. "चुकीचा नंबर सांगितलात तर दुसऱ्याच कुणाच्या तरी घरी जातील हे लोक!"

"मामी, रेकॉर्डिंग चालू आहे," गडबडलेली धाकटी कुजबुजली. "पुन्हा पहिल्यापासून घेऊ?"

"कशाला?" बाबा म्हणाले. "आहे तसं जाऊ दे."

मामींनी मामांना हाताला धरून बसवलं, पाण्याचा पेला त्यांच्या तोंडाशी लावला, आणि दुसऱ्या हाताने माईक स्वतःकडे ओढला. "मी यांची बायको," त्या माईकमध्ये म्हणाल्या. "मला सगळं माहीत होतं. सहा वर्षं. लिहून घ्या."

धाकटीने बटण दाबून रेकॉर्डिंग थांबवलं. पाच मिनिटांनी ते यादीत सगळ्यात वर गेलं, पहिल्या भागाच्याही आधी. ज्या चाळीस भागांची सफाई व्हायची बाकी होती, तेही तिने खरखराटासकट त्याच दमात टाकून दिले. बाबांनी कागद उचलला, घडी घातली आणि सही न करता तसाच परत केला.

कंपनीचा माणूस दारात बूट घालत होता. "मी ऑफिसला काय कळवू?" त्याने विचारलं. त्याला खरंच प्रश्न पडला होता.

मामी त्याच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या.

"नंबर घेतलात ना नीट? काढा पेन. चार. सात. दोन. एक."

त्याने फाइल भिंतीला टेकवून लिहिलं. मामींनी मान वाकडी करून तपासलं.

"हं," त्या म्हणाल्या. "आणि पत्ता आमचा लिहा. इथला नको. इथले जिने फार आहेत."